संवर्ग एकत्र झाले, पण माझी तेरा वर्षं यादीत कुठे गेली?

भांडारवाली

नमस्कार. खात्याचं नाव लिहीत नाही. ओळखणारे दोन ओळींत ओळखतील, त्यांनी कृपया गप्प बसावं.

मी १४ जून २०१० ला भांडार लिपिक म्हणून रुजू झाले. सरळसेवेने. जाहिरात, लेखी परीक्षा, निवड यादी, सगळं रीतसर. आमचा संवर्ग (एकाच प्रकारच्या पदांचा गट) राज्यस्तरीय आणि एवढासा, सगळे जिल्हे धरून एकशे दहा माणसं. शेजारच्या टेबलावर लिपिक-टंकलेखक. त्यांचा संवर्ग विभागवार आणि आमच्या दहापट मोठा. वेतनश्रेणी मात्र दोघांची पहिल्या दिवसापासून एकच: तेव्हा ५२००-२०२०० ग्रेड पे १९००, आता एस-६.

फरक काय, तर त्यांना वर जायला वरिष्ठ लिपिकाची शिडी होती आणि आम्हाला अख्ख्या राज्यात मुख्य भांडारपालाची चार पदं. चार! त्यातला एक जण निवृत्त झाला की बाकीचे एकशे नऊ जण त्याच्या निरोप समारंभाला आनंदाने वर्गणी द्यायचे.

जून २०२३ मध्ये शासन निर्णय निघाला. भांडार लिपिक संवर्ग मृत, म्हणजे पुढे बंद, घोषित करून लिपिक-टंकलेखक संवर्गात विलीन. आम्ही पेढे वाटले. माझ्या विभागाच्या वाट्याला आमच्यातले एकोणीस जण आले.

आता १ जानेवारी २०२५ ची तात्पुरती ज्येष्ठता यादी आली आहे. एकूण २२१ नावं. १ ते २०२ सगळे मूळचे लिपिक, २०३ ते २२१ आम्ही एकोणीस. माझा क्रमांक २०७. 'संवर्गातील नियुक्तीचा दिनांक' या रकान्यात आम्हा सगळ्यांपुढे एकच तारीख, जून २०२३ ची. शेऱ्यात लिहिलंय, 'एकत्रीकरणाने समाविष्ट'. २०१९ ला लागलेली एक मुलगी १५८ वर आहे. तिला डेडस्टॉक रजिस्टर (कार्यालयातल्या टिकाऊ वस्तूंची नोंदवही) कसं लिहायचं ते मी शिकवलं. गुणी मुलगी आहे, तिच्याबद्दल तक्रार नाही, पण तिच्या खाली एकोणपन्नास नंबरांवर मी?

आस्थापना शाखेत विचारलं तर उत्तर मिळालं, "मॅडम, तुम्ही आमच्या घरात आलात. नवीन सून शेवटच्या पंगतीलाच बसते."

प्रश्न असे. एक, हे कायद्यात बसतं का? दोन, विलीनीकरणाच्या वेळी आमच्याकडून विकल्प (लेखी पसंती) भरून घेतला होता आणि त्यात 'ज्येष्ठतेबाबत शासनाचा निर्णय मान्य राहील' अशी ओळ होती. मी सही केली आहे. माझे हात बांधले गेले का? तीन, हरकतीला पंधरा दिवस दिलेत, त्यातले सहा यादी व्हॉट्सअॅपवर शोधण्यातच गेले.

पाटीटाकू

ताई, मी त्या पहिल्या २०२ मधला. तुमच्याच यादीतला असण्याची शक्यता दाट आहे, त्यामुळे तोंडावर बोलता येणार नाही ते इथे बोलतो.

मी फेब्रुवारी २०१२ चा. यादीत ९ वा. यंदा वरिष्ठ लिपिकाच्या नऊ जागा भरायच्या आहेत. गणित तुम्हीच करा. तुमच्यातले माझ्याआधी लागलेले सात जण मध्ये शिरले तर मी १६ वर जातो. तेरा वर्षं मीही घासली आहेत. टंकलेखनाची मराठी तीस आणि इंग्रजी चाळीसची प्रमाणपत्रं आणली, तेव्हा नोकरी मिळाली. तुमच्या जाहिरातीत टंकलेखन नव्हतं. तुमचं काम वेगळं, परीक्षा वेगळी, संवर्ग वेगळा. विलीनीकरण आम्ही मागितलं नव्हतं, तुमच्या संघटनेने मागितलं. मग त्याची किंमत आम्ही का द्यायची?

सुनेच्या पंगतीचं बोलणं चुकीचंच होतं. ते कोण बोललं असेल ते मला माहीत आहे. पण मुद्दा तोच राहतो.

टिपणीवाले काका

ताई, आणि पाटीटाकू, तुम्हीसुद्धा. तुमचं दोघांचं वाचून मला माझ्या वडिलांची आठवण झाली, म्हणून थोडं लांबून येतो. मी बत्तीस वर्षं आस्थापना शाखेत काढली, अधीक्षक म्हणून निवृत्त झालो. ज्येष्ठता याद्या करून करून केस गेले. माझेही आणि ज्यांच्या केल्या त्यांचेही.

वडील निजामाच्या राज्यात महसुलात लागले. त्यांच्या सेवापुस्तकाची पहिली पानं उर्दूत होती आणि रुजू होण्याचा दिनांक फसली सनात. साल १३५२ फसली, म्हणजे १९४२-४३. १ नोव्हेंबर १९५६ ला राज्य पुनर्रचना झाली आणि मराठवाड्याचे पाच जिल्हे हैदराबादेतून, विदर्भाचे आठ जिल्हे मध्य प्रदेशातून मुंबई राज्यात आले. माणसं आली तशी पदंही आली. आमच्याकडे गिरदावर, तिकडे सर्कल इन्स्पेक्टर. आमच्याकडे आणि नागपूरकडे तहसीलदार, मुंबईकडे मामलेदार. मुंबईकडे अव्वल कारकून, विदर्भात नायब तहसीलदार. कोण कोणाच्या बरोबरीचा? पगार वेगळे, अधिकार वेगळे, पदोन्नतीच्या अटी वेगळ्या. वडील म्हणायचे, "आम्ही एका रात्रीत मराठी राज्यात आलो, पण यादीत यायला पंधरा वर्षं लागली."

त्या गोंधळातूनच आजचे बहुतेक नियम निघाले आहेत. पुनर्रचनेच्या तोंडावर, मे १९५६ मध्ये, मुंबईत राज्यांच्या मुख्य सचिवांची बैठक झाली. पदांची समकक्षता ठरवायला चार कसोट्या तिथे मान्य झाल्या: पदाचं काम कोणत्या प्रकारचं, त्या माणसाकडे अधिकार आणि जबाबदारी किती (हाताखालचा प्रदेश किंवा कामाचा आवाका त्यातच आला), भरतीची किमान अर्हता काय, आणि पगार. पगार मुद्दाम शेवटी. पुढे पी. के. रॉय यांच्या मध्य प्रदेशातल्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हेच चार निकष उचलून धरले. आजही दोन संवर्ग एकत्र करायचे म्हटलं की मंत्रालयातली टिपणी इथूनच सुरू व्हायला हवी. होत नाही, ते वेगळं.

म्हणून ताई, तुमचा पहिला प्रश्न 'माझी ज्येष्ठता कधीपासून' हा नाहीच. पहिला प्रश्न असा की शासन निर्णयात दोन्ही पदं समकक्ष मानली आहेत का. वेतनश्रेणी एकच, भरती दोन्हीकडे सरळसेवेने आणि विलीनीकरण सरळ समपातळीवर केलेलं, म्हणजे समकक्षता गृहीत धरूनच शासन पुढे गेलं आहे. पद समकक्ष मानलं की त्या समकक्ष पदावरची अखंड, नियमित सेवा शून्य धरायला सबळ कारण लागतं. 'घरात आलात' हे कारण नव्हे.

सीमा सुरक्षा दलातून दिल्ली पोलिसांत आलेल्या उपनिरीक्षक रूपलाल यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितलं. प्रतिनियुक्तीवर, म्हणजे दुसऱ्या खात्यातून काही काळासाठी, आलेला माणूस समकक्ष पदावर कायमचा सामावून घेतला तर मूळ खात्यातली त्याची त्या पदावरची सेवा पुसता येत नाही, आणि समकक्षता फक्त पगाराच्या आकड्यावर मोजायची नाही. तुम्ही तर प्रतिनियुक्तीवरही नव्हता. शासनाने संवर्गच उचलून आणला.

राज्याच्या १९८२ च्या ज्येष्ठता विनियमन नियमांतही, एका संवर्गातून दुसऱ्यात आलेल्या माणसाची ज्येष्ठता ठरवताना आधीच्या पदाचा वर्ग आणि वेतनश्रेणी, तिथली सेवेची लांबी आणि बदलीमागची परिस्थिती बघायची, असं होतं. परिस्थिती हा शब्द महत्त्वाचा. स्वतःच्या विनंतीवरून विभाग बदलून घेणारा तळाला जातो, कारण त्याने सोयीसाठी मागितलं. तुमचा विकल्प ही विनंती होती की 'विलीन व्हा, नाहीतर मृत संवर्गात राहा' अशी निवड होती? हरकतीत हे पहिल्या पानावर यायला हवं. आता २०२१ ची नवी नियमावली लागू आहे. दोन्ही शेजारी ठेवून वाचा आणि २०२३ चा शासन निर्णय त्यांच्या कुठल्या नियमाखाली काढला ते त्याच्या प्रस्तावनेत शोधा.

पाटीटाकू, आता तुमचं. टंकलेखनाचा मुद्दा तुम्हाला फार मोठा वाटतो, पण तो विलीनीकरणाच्या आधी मांडायचा होता, समकक्षता ठरताना, अर्हतेच्या निकषात. एकदा एका संवर्गात आल्यावर 'हा इकडून आला, तो तिकडून' असा जन्माचा शिक्का चालत नाही. रेल्वेतल्या ट्रेन एक्झामिनरांच्या रोशनलाल टंडन खटल्यात १९६७ सालीच हे ठरलं. आणि पदोन्नतीची संधी लांबली म्हणजे सेवाशर्ती बिघडल्या, असं न्यायालय मानत नाही. विक्रीकर खात्यातल्या चंद्रकांत कुलकर्णी प्रकरणात, म्हणजे याच १९५६ च्या जखमेत, १९८१ मध्ये तेच सांगितलं. पदोन्नतीसाठी विचार होण्याचा हक्क तुमचा आहे, यादीतला नववा नंबर हा हक्क नाही. कठोर वाटेल. मला तुमच्याबद्दल वाईट वाटतं. मी असतो तर मीही आधी तुमच्यासारखंच बोललो असतो.

रिझर्व्ह बँकेतही असंच घडलं होतं. तिथे विभागवार वेगवेगळ्या याद्या होत्या, कुठे बढती पटकन, कुठे खोळंबा. १९७२ मध्ये बँकेने एकत्रित ज्येष्ठता आणली. जुन्या रचनेत काहीतरी सोडून बाजू बदललेले लोक भांडत न्यायालयात गेले. पालीवाल प्रकरण. १९७६ मध्ये न्यायालय म्हणालं, संवर्ग एकत्र करणं हा धोरणाचा भाग आहे, एकत्रीकरणाचं तत्त्व वाजवी असेल तर आम्ही त्यात पडणार नाही. ही तलवार दोन्ही बाजूंनी कापते, हे ताईंनीही ध्यानात ठेवावं. शासनाने उद्या सेवेची लांबी न धरता दोन्ही संवर्गांच्या संख्येच्या प्रमाणात, दहा लिपिकांमागे एक भांडारवाला, अशी वीण घातली आणि तिला काही तर्क दाखवला, तर भांडणं अवघड जाईल. आजची यादी मात्र तर्क दाखवतच नाही. सगळ्यांना एक तारीख चिकटवून मोकळी झाली आहे.

सहीची काळजी करू नका. 'शासनाचा निर्णय मान्य राहील' याचा अर्थ 'नियमाबाहेरचा निर्णयही मान्य राहील' असा होत नाही. पण त्या कागदाची प्रत काढून ठेवा. तो तुमच्या विरोधात दाखवला जाणारच.

गावकारभारी

मी ग्रामपंचायत अधिकारी. सप्टेंबर २०२४ च्या मंत्रिमंडळ निर्णयापर्यंत ग्रामसेवक होतो. आमच्याकडे गाठ वेगळी आहे. ग्रामसेवक आणि ग्रामविकास अधिकारी ही दोन पदं एक केली, पण त्यातलं एक दुसऱ्याची पदोन्नती होतं. म्हणजे समपातळीवर नाही, खालून वर चढून गेलेले लोक पुन्हा एका पायरीवर. तिथे निव्वळ रुजू दिनांक धरला तर आधी पदोन्नती मिळालेल्याचं काय? काकांनी सांगितलेले निकष अशा उभ्या एकत्रीकरणाला तसेच्या तसे लावू नका, एवढंच सांगायला आलो.

आणि हो, जिल्हा परिषदेचे कर्मचारी मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, जात नाहीत. आमची वाट थेट उच्च न्यायालयाची. भांडारताई, तुम्ही राज्य शासनाच्या, तुमची मॅट.

भांडारवाली

काका, पहाटे साडेपाचला वाचलं आणि सात वाजता पुन्हा वाचलं. धन्यवाद शब्द अपुरा आहे.

शासन निर्णय पुन्हा काढून बघितला. परिच्छेद ४ मध्ये आहे, 'सदर दोन्ही पदे समकक्ष असल्याने'. अक्षरशः हेच शब्द! मी दोन वर्षं हा कागद कपाटात ठेवून होते आणि फक्त आपल्या विभागाला किती जागा आल्या तेवढाच तक्ता वाचला होता. ज्येष्ठतेबद्दल एकच वाक्य आहे: 'एकत्रित ज्येष्ठता यादी प्रचलित नियमांनुसार तयार करण्यात यावी'. जून २०२३ ची तारीख कुठेच नाही. म्हणजे ती शासनाची नाही, आमच्या प्रादेशिक कार्यालयाची कल्पना.

पण आता वेगळीच अडचण आली. आमच्या एकोणीस जणांत माझ्या वर चार आहेत. त्यातले एक, माझ्याच खोलीत बसतात, पंधरा वर्षांचा आमचा एकत्र डबा. ते २००७ मध्ये तात्पुरते लागले आणि ऑगस्ट २०१२ मध्ये नियमित झाले. आमच्या जुन्या राज्यस्तरीय अंतिम यादीत ते माझ्या वर आहेत, कुणीच कधी हरकत घेतली नाही, मीही नाही. आता मी 'नियमित नियुक्तीचा दिनांक धरा' असं लिहिलं तर माझे जून २०१० आणि त्यांचे ऑगस्ट २०१२. माझ्या हरकतीने तेच खाली जातात. नऊ जागांचा हिशेब पाटीटाकूंनी सांगितलाच आहे. तारखेने मोजलं तर मी सातवी येते. ते आता चौथे येऊ शकतात, मग थेट पंधरा-सोळाच्या आसपास.

काल डब्यात त्यांनी मेथीची भाजी आणली होती. मला नीट गिळवली नाही.

टिपणीवाले काका

ताई, डबा वेगळा ठेवा आणि कागद वेगळा ठेवा. कागदावर तुमच्या मित्राचं काही बिघडेलच असं नाही.

तुम्ही दोन नियम एकमेकांत गुंतवलेत. पहिला: दोन संवर्ग विणताना प्रत्येक संवर्गातला आपसातला जुना क्रम मोडायचा नाही. तुमची जुनी यादी अंतिम झालेली, दहा वर्षांवर कुणी बोट ठेवलेलं नाही, ती स्थिरावली. विलीनीकरण म्हणजे जुने हिशेब उकरायचा मुहूर्त नव्हे. त्यामुळे हरकतीत तुम्ही 'भांडार संवर्गातील आपसातील क्रम कायम ठेवून' हे शब्द घाला. म्हणजे त्यांच्या विरोधात तुम्ही काही मागितलंच नाही.

दुसरा, लिपिकांच्या यादीत विणताना त्यांची कोणती तारीख धरायची. इथे १९९० चा घटनापीठाचा निकाल बघावा लागतो, थेट भरतीच्या वर्ग दोन अभियंत्यांच्या संघटनेचा, महाराष्ट्र शासनाविरुद्धचा. आपल्याच पाटबंधारे-बांधकामातल्या अभियंत्यांनी लढलेली ती लढाई. त्यात दोन गोष्टी शेजारी शेजारी आहेत आणि लोक सोयीची तेवढी वाचतात. नियम डावलून, नुसती वेळ मारून नेण्यासाठी केलेली तदर्थ (तात्पुरती) नियुक्ती ज्येष्ठतेत धरत नाहीत. पण सुरुवातीची नियुक्ती पूर्ण प्रक्रियेने झालेली नसली तरी माणूस अखंड काम करत राहिला आणि नियमांप्रमाणेच नियमित झाला, तर मधली सेवा धरतात. म्हणून मित्राचे दोन कागद बघा. २००७ चा आदेश: जाहिरात किंवा सेवायोजन कार्यालयाकडून नाव आलं होतं का, निवड समिती होती का, मध्ये एक-दोन दिवसांचे तांत्रिक खंड दिलेत का? आणि २०१२ चा आदेश: 'या आदेशाच्या दिनांकापासून' असं लिहिलंय का? ही एक ओळ सगळं ठरवते. ती तशी असेल आणि त्यांनी तेव्हा आव्हान दिलं नसेल, तर पाटीटाकूंसारखे लिपिक त्या तारखेवर बोट ठेवतील आणि खात्याला उत्तर द्यावं लागेल. ते त्यांचं भांडण, तुमचं नाही.

एकेकाळी ज्येष्ठता कायम झाल्याच्या, म्हणजे स्थायित्वाच्या, तारखेवर धरायचे. १९७७ मध्ये पटवर्धन प्रकरणात, हेही महाराष्ट्रातलं आणि इंजिनिअरांचंच, यशवंतराव चंद्रचूड न्यायमूर्तींनी त्यावर बरंच सुनावलं होतं. कोण कधी कायम होईल हा सरकारी नोकरीतला लहरी भाग आहे, त्यावर कुणाची कारकीर्द टांगायची नाही, असा त्याचा मथितार्थ. तुमचा स्थायित्वाचा दाखला उशिरा मिळाला असेल तर घाबरू नका.

एक दुरुस्ती माझ्याच आधीच्या उत्तरात. मी 'पदोन्नतीची संधी हा हक्क नाही' म्हणालो, ते अर्धंच. मराठवाड्यातल्या तहसीलदारांनी उपजिल्हाधिकारी पदासाठी विभागवार याद्या करण्याला आव्हान दिलं होतं, रामचंद्र देवधर प्रकरण, निकाल १९७३ चा. उपजिल्हाधिकारी संवर्ग राज्याचा आणि बढती मात्र विभागात जागा असेल तशी, म्हणजे एका विभागातला कनिष्ठ वर आणि दुसऱ्यातला ज्येष्ठ खाली. न्यायालयाने समानतेच्या हक्काखाली ते मोडीत काढलं. संधी कमी झाली म्हणून नाही, मोजमाप वेगवेगळं लावलं म्हणून. तुमचा संवर्ग राज्यस्तरीय होता आणि आता विभागात वाटला. समजा, अमरावतीत तुम्ही सातव्या याल आणि तुमच्याच वर्षीची कोकणातली भांडारवाली एकोणिसावी येईल. वाटणीचं तत्त्व काय होतं? हे शोधा. पण हरकतीत आत्ता घालू नका, मुद्दा पातळ होतो.

वडील त्या देवधर निकालाच्या वेळी निवृत्तीला टेकले होते. पेपर वाचून म्हणाले, "बरं झालं," आणि चहा मागितला.

चकरावाला

वकील नाही, पण मॅटच्या पायऱ्या सहा वर्षं झिजवल्यात. काकांनी तत्त्व सांगितलं, मी व्यवहार सांगतो.

हरकत विहित मार्गाने, म्हणजे वरिष्ठांमार्फत, द्या आणि आवक क्रमांकासह पोच घ्या. 'साहेबांना बोललो' याला किंमत शून्य. अंतिम यादी आली आणि हरकत फेटाळली तर तिथून एक वर्ष. उत्तरच आलं नाही तर निवेदनानंतर सहा महिने थांबून पुढे एक वर्ष. पुन्हा पुन्हा निवेदनं दिल्याने मुदत वाढत नाही, मी इथेच आपटलो. साहेब 'बघतो' म्हणायचे, मी स्मरणपत्र द्यायचो, दोन वर्षं गेली. विलंब माफीच्या अर्जावरच पुढचं दीड वर्ष.

दुसरं, ज्यांचा नंबर तुमच्यामुळे खाली जाईल त्यांना प्रतिवादी करावंच लागतं. सगळ्यांना नाही तर निदान काहींना, नावाने. नाहीतर पहिल्याच तारखेला समोरचा वकील तेवढ्यावर उठतो. म्हणजे ताई, वेळ आलीच तर पाटीटाकूंना तुमच्याकडून नोटीस जाणार. आधीच सांगून ठेवलेलं बरं.

तिसरं, तात्पुरत्या यादीवर पदोन्नती समितीची बैठक लावायची घाई करतील. हरकतीत शेवटी लिहा की अंतिम यादी प्रसिद्ध होईपर्यंत निवडसूची (पदोन्नतीसाठी निवडलेल्यांची यादी) करू नये. तरीही केली तर ती केवळ अंतरिम राहील असं त्यांच्याकडून लेखी घ्या. नंतर जिंकलात तर मानीव दिनांक (पदोन्नती मागच्या तारखेपासून धरणं) मिळतो, पण मानीव दिनांकाबरोबर थकबाकी मिळतेच असं नाही. नंबर मिळतो, मधल्या वर्षांचा पगार नाही. माझा तसाच झाला.

पाटीटाकू

नोटीस आली तर घेईन. शिवी देणार नाही.

काकांचं तत्त्व पटलं नाही, पण समजलं. रात्री बायकोला सांगितलं, ती म्हणाली, "तुम्ही तेरा वर्षं मोजता, तिने पंधरा मोजली तर काय चुकलं?" तिला ग्रेड पे कळत नाही, पण हे बरोबर कळलं.

मात्र २००७ वाल्यांच्या तारखेवर मी हरकत घेणार. ऑगस्ट २०१२ असेल तर ते माझ्या खाली येतात. ताई, तुमच्या डब्यावर यामुळे काही परिणाम झाला तर माफ करा.

भांडारवाली

आज, तेराव्या दिवशी, हरकत दिली. दोन पानं, तीन जोडपत्रं: २०१० चा नियुक्ती आदेश, २०२३ चा शासन निर्णय परिच्छेद ४ ला हिरवी खूण करून, आणि जुनी राज्यस्तरीय अंतिम यादी. 'आपसातील क्रम कायम ठेवून' हे शब्द दोनदा घातले. पोचवर शिक्का मारताना आवक लिपिकाने विचारलं, "तुमच्यातल्या बाकीच्यांनी नाही दिली?" उरलेल्या अठरांपैकी पाच जणांनी दिली आहे. बाकीचे म्हणतात, तुझं काय होतं ते बघून देऊ. पंधरा दिवस परवा संपतात.

डब्यातल्या सरांना मी सकाळी सगळं दाखवलं, पाटीटाकूंचा निरोपसुद्धा. त्यांनी कपाटातून २०१२ चा आदेश काढला. काका, त्यात 'या आदेशाच्या दिनांकापासून' असं नाही. 'सेवा नियमित करण्यात येत आहे' एवढंच आहे, आणि खाली २००७ च्या मूळ आदेशाचा संदर्भ क्रमांक दिलाय. याचा अर्थ काय धरायचा?

टिपणीवाले काका

अर्थ असा की तुमचे सर बहुधा चौथेच राहतात, पण पाटीटाकूंना हरकत घ्यायला जागाही राहते. २००७ च्या आदेशाची प्रत उद्याच काढायला सांगा. मूळ नस्तीतून (फाइलमधून), झेरॉक्सवरून झेरॉक्स नको. आणि निवड समितीचं इतिवृत्त सापडतं का ते बघा. नसेल तर माहिती अधिकारात अर्ज टाका, आजच्या तारखेने.